डेकला चकाकी नको, तेल पाजा

उघड्यावरच्या लाकडी डेकला, म्हणजे गच्चीत-अंगणात फळ्या जोडून केलेल्या जमिनीला, पीयू (पॉलियुरेथेन), मेलामाइन किंवा वॉर्निश असे वर थर करणारे पॉलिश मारू नयेत. एवढं पाळलं तरी निम्मं काम झालं. पण मग मारायचं काय, कधी मारायचं आणि पुढच्या वर्षी काय करायचं, हे नीट समजून घ्यायला थोडा वेळ द्यावा लागतो. पुण्यात तर जास्तच, कारण इथे तोच डेक मे महिन्यात तव्यासारखा तापतो आणि जुलैत आठवडाभर सुकत नाही.

बाणेर-बालेवाडीकडच्या उंच इमारतींमध्ये फ्लॅटला जोडून गच्ची मिळते आणि तिथे डेक करायची हौस असते. काम सहसा घरातलं फर्निचर करणाऱ्या टीमकडेच जातं. पॉलिशवाले दादा म्हणतात, "साहेब, पीयू मारू, काचेसारखं दिसेल." दिवाळीत खरंच तसं दिसतं. पुढच्या सप्टेंबरमध्ये त्याच डेकवर उकिडवं बसून स्क्रूच्या डोक्यांपाशी बघा. प्रत्येक स्क्रूभोवती दुधाळ पांढरी चकती आलेली असते. तिच्या कडेला नख घातलं की पॉलिशचा पापुद्रा पट्टीच्या पट्टी निघून येतो आणि खालचं लाकूड काळपट, ओलसर लागतं. दादांना बोलावलं तर ते म्हणतात, अजून दोन हात द्यायला हवे होते. दोन काय, चार दिले असते तरी हेच झालं असतं. फक्त पापुद्रा जाड निघाला असता.

याचं कारण लाकडाच्या स्वभावात आहे. कापलेलं, सुकवलेलं लाकूड आयुष्यभर हवेतला ओलावा घेत-सोडत राहतं. हवेची आर्द्रता ३० टक्क्यांच्या आसपास असेल तर लाकडात वजनाच्या साधारण ६ टक्के पाणी राहतं, ६५ टक्के आर्द्रतेला १२ टक्के आणि ९० टक्क्यांना २० टक्क्यांच्या घरात. पुण्यातला एप्रिल आणि पुण्यातला जुलै म्हणजे या पट्टीची जवळजवळ दोन टोकं. ओलावा वाढला की फळी रुंदीला फुगते, लांबीला जवळजवळ नाहीच. १०० मिलिमीटर रुंदीची सागवानी फळी, कशी चिरली आहे त्यावर अवलंबून, वर्षभरात एक-दोन मिलिमीटर इकडेतिकडे होते. वर ताणून बसवलेला कडक थर एवढी ये-जा सहन करत नाही. तो सांध्याला, स्क्रूपाशी, फळीच्या टोकाला बारीक तडकतो. त्या फटीतून पाणी आत जातं आणि उरलेला धड थर त्याला बाहेर पडू देत नाही. लाकूड कुजवणाऱ्या बुरशीला हेच हवं असतं. २० टक्क्यांच्या खाली ओलावा असेल तर तिचं काही चालत नाही. त्याच्या वर बराच काळ राहिला की ती कामाला लागते.

म्हणजे डेकच्या बाबतीत पाणी आत जाईल का, यापेक्षा गेलेलं पाणी लवकर बाहेर पडेल का, हा प्रश्न मोठा. मुरणारा स्टेन, ज्याला दुकानात बहुतेकदा डेकिंग ऑइल म्हणतात, तो याच तत्त्वावर चालतो. तो लाकडावर थर करत नाही, वरच्या पेशींमध्ये शिरून तिथेच घट्ट होतो. मुरतो म्हणजे किती, तर फार तर मिलिमीटरभर. सागवानासारख्या तेलकट लाकडात त्याहून कमी. पण तेवढ्यात पाण्याचा शिरण्याचा वेग कमी होतो आणि वाफेला बाहेर पडायची वाट उघडी राहते. मुख्य म्हणजे थरच नसल्यामुळे सोलून निघायला काही नसतं. स्टेन झिजतो, फिकट होतो, आणि मग त्याच्यावर पुन्हा स्टेन लावता येतो.

इथे कोणीतरी हमखास विचारतं, की आमच्या आजोळच्या वाड्याचे खांब शंभर-दीडशे वर्षं उभे होते, त्यांना कुठे दर वर्षी डेकिंग ऑइल लावत होते? प्रश्न रास्त आहे. शनिवारवाड्याला जुन्नरच्या जंगलातलं सागवान वापरलं होतं असं सांगतात, आणि विश्रामबागवाड्याचा नक्षीदार लाकडी दर्शनी भाग तर आजही रस्त्यावरून जाता-येता दिसतो. पण तिथली रचना बघा. लाकूड उभं आहे, त्यामुळे पाणी साचत नाही. वर छप्पर पुढे आलेलं आहे, त्यामुळे ऊन-पाऊस थेट लागत नाही. खांब दगडी तळखड्यावर ठेवलेला आहे, त्यामुळे जमिनीतली ओल चढत नाही. जुन्या सुतारांनी लाकडाला ऊन-पाण्यापासून दूर ठेवलं. आपण तेच लाकूड आडवं टाकून उघड्यावर ठेवतो आणि वर कुंड्या मांडतो. वाड्याच्या सागवानाशी गच्चीवरच्या सागवानाची तुलना होऊच शकत नाही.

पाण्याइतकाच दुसरा शत्रू ऊन. लाकडात सेल्युलोजचे धागे असतात आणि त्यांना धरून ठेवणारं लिग्निन असतं. उन्हातल्या अतिनील किरणांनी लिग्निनचे तुकडे पडतात, पाऊस ते धुऊन नेतो आणि वर मोकळे, राखाडी धागे उरतात. जुनी बाकडी करडी दिसतात ती यामुळे. हा करडा भाग अगदी वरवरचा असतो, आतलं लाकूड ठणठणीत असू शकतं. पण त्या मोकळ्या धाग्यांवर काहीही लावलं तरी टिकत नाही, हे लक्षात ठेवा. पुढे साफसफाईच्या वेळी हे उपयोगी पडेल.

रंग किती हवा

लोकांना लाकूड "जसं आहे तसं" दिसायला हवं असतं, म्हणून ते पारदर्शक ऑइल मागतात. उन्हाचा हिशेब केला तर ही निवड महागात पडते. अतिनील किरण अडवायचं काम मुख्यतः रंगद्रव्य करतं, त्यातही लोह ऑक्साइडचे तांबूस-तपकिरी कण. पूर्ण पारदर्शक ऑइल पाणी अडवेल, पण ऊन फारसं नाही. आडव्या डेकवर त्याचा रंग वर्षभरातच उतरायला लागतो. अर्धपारदर्शक स्टेनमध्ये रंगकण असतात तरी रेषा दिसत राहतात, आणि तो एक-दोन वर्षं चांगला जातो. पूर्ण झाकणारा स्टेन ऊन सगळ्यात जास्त अडवतो, पण तो जवळजवळ पेंटच असतो. रेलिंगला, जाळीला उत्तम. पायाखालच्या फळीला मात्र नको, कारण वर्दळीच्या पट्ट्यात तो सोलतो आणि आपण पुन्हा पापुद्र्यापाशी येऊन थांबतो. माझं मत स्पष्ट आहे: पुण्यात, उघड्या गच्चीवर, मध्यम तपकिरी छटेचा अर्धपारदर्शक स्टेन. अगदी गडद अक्रोड किंवा वेंगे छटा दिसायला श्रीमंत वाटते, पण मे महिन्यात दुपारी त्यावर अनवाणी पाय ठेववत नाही.

तेलाधारित की पाण्याधारित, हा वाद बराच रंगतो. तेलाधारित स्टेन हळू सुकतो, त्यामुळे मुरायला वेळ मिळतो आणि ब्रशचे जोड दिसत नाहीत. वास येतो, आणि हात धुवायला टर्पेंटाइन लागतं. पाण्याधारित स्टेनला वास कमी, रंग जास्त टिकतो, पण कोरड्या गरम हवेत तो इतका भराभर सुकतो की एक फळी संपेपर्यंत मागचा हात वाळलेला असतो आणि पट्टे उमटतात. स्वतः पहिल्यांदा लावणार असाल तर तेलाधारित घ्या. चुकीला जरा वाव राहतो.

जवसाच्या तेलाबद्दलही विचारणा होते. डबल बॉइल्ड जवसाचं तेल स्वस्त आहे, कुठेही मिळतं आणि लाकडात छान मुरतं. खोलीतल्या टेबलाला जरूर लावा. डेकला नुसतं तेच लावलं तर पावसाळ्यात काळे ठिपके येतात, कारण बुरशीला ते तेल खाद्य म्हणून चालतं. तयार डेकिंग ऑइलमध्येही अनेकदा जवसाचं किंवा तसलंच सुकणारं तेल असतं, पण सोबत राळ, रंगकण आणि बुरशीनाशक घातलेलं असतं. पैसे आपण त्या सोबतच्या गोष्टींचे मोजतो.

दुकानात एक घोळ टाळा. नुसतं "वुड स्टेन द्या" म्हटलं की काउंटरवरचा माणूस घरातल्या फर्निचरचा स्टेन काढून देतो. तो फक्त रंग असतो, त्याच्यावर पॉलिशचा थर द्यावाच लागतो. डब्यावर "बाहेरच्या वापरासाठी" आणि "डेकिंग" हे दोन्ही लिहिलेलं आहे का ते स्वतः वाचा. आणि त्यावर वेगळा टॉपकोट मारायला सांगितलं असेल तर तो डबा आपल्या कामाचा नाही.

लाकूड कुठलं आहे

भवानी पेठेतल्या टिंबर मार्केटमध्ये सागवान म्हटलं तरी बल्लारशाचं, घानाचं, बर्माचं अशी नावं ऐकू येतात आणि भावात मोठा फरक असतो. डेकच्या दृष्टीने नावापेक्षा गाभा बघावा. खोडाच्या आतला गडद भाग कुजायला आणि वाळवीला दाद देत नाही. बाहेरचा फिकट पिवळसर भाग कुठल्याही जातीचा असो, तो लवकर जातो. लागवडीच्या कोवळ्या झाडांत हा फिकट भाग जास्त निघतो. स्टेन लावल्यावर दोन्ही भाग सारखे दिसतात, म्हणून फळ्या कोऱ्या असतानाच निवडून घ्या. स्टेन हे वाळवीवरचं औषध नव्हे, हेही इथेच सांगून टाकतो.

सागवानात स्वतःचं तेल असतं. त्यामुळे ते टिकतं, पण बाहेरचं तेल सहज घेतही नाही. नवीन सागवानी डेक काही आठवडे ऊन खाऊ द्यावा, मग घासून, लावण्याच्या अगदी आधी थिनरच्या फडक्याने पुसून घ्यावा. आयपे हे दक्षिण अमेरिकेतलं लाकूड इतकं घट्ट असतं की पाण्यात बुडतं. त्याला एकच पातळ हात पुरे, दुसरा वरच चिकट राहतो. ट्रीटेड पाइन, म्हणजे कीड-बुरशी लागू नये म्हणून औषधाचं पाणी मुरवलेलं पाइन, याच्या उलट, भरपूर स्टेन पितं. पण ट्रीटमेंटचं पाणी आत असतं, तेव्हा ते पूर्ण सुकल्याशिवाय हात लावू नका. त्याला घासताना मास्क वापरा आणि त्याचे तुकडे शेकोटीत टाकू नका, कारण ट्रीटमेंटच्या काही प्रकारांत आर्सेनिक असतं. भट्टीत साधारण २०० अंशांना भाजून काढलेलं थर्मोवुड फुगतं कमी, पण उन्हाने करडं मात्र पटकन होतं. आणि डेक डब्ल्यूपीसीचा, म्हणजे लाकडाचा भुसा आणि प्लास्टिक एकत्र करून केलेल्या फळ्यांचा, असेल तर हा लेख तुमच्यासाठी नाही. प्लास्टिकमुळे त्यात काही मुरत नाही.

कधी

पुणे शहरात वर्षाला साधारण ७०० ते ७५० मिलिमीटर पाऊस पडतो आणि लोणावळ्याला चार हजारांच्या वर. मुळशी, पवना भागात बंगला असेल तर तुमचं वेळापत्रक लोणावळ्याच्या अंगाने जाईल, कोथरूडच्या नाही. शहरात दसऱ्यानंतर परतीचा पाऊस थांबला की डेक धुवायला घ्या, दोन-तीन आठवडे कोरडे जाऊ द्या, आणि नोव्हेंबर ते फेब्रुवारीत स्टेन लावा. लोक पावसाळा तोंडावर आला म्हणून मे महिन्यात घाई करतात. तेव्हा फळ्या इतक्या तापलेल्या असतात की स्टेन मुरायच्या आत वरच सुकतो, आणि वळवाची एक सर आली की ओल्या स्टेनवर थेंबांचे ठसे उमटतात. त्यातूनही मे महिन्यातच करायचं असेल तर सकाळी लवकर करा. फळीवर उलटा तळहात टेकवून ठेववत नसेल, तर ती वेळ नव्हे.

हिवाळ्यात उलटी अडचण असते. डिसेंबर-जानेवारीत पहाटे दव पडतं आणि पारा कधी १० अंशांच्या खाली जातो. अशा वेळी दहा वाजता दव उडाल्यावर सुरू करा आणि दुपारी तीनच्या आत आटपा, म्हणजे संध्याकाळच्या गारठ्याआधी स्टेन आत गेलेला असेल.

आधी धुणं

या भागाला सगळ्यात जास्त वेळ द्यावा. स्टेन फसतो तो बहुतेकदा इथे फसतो.

आधी काळे डाग कशाचे आहेत ते ओळखा. डागावर कपड्यांना वापरतो त्या ब्लीचचा एक थेंब टाका. दोन मिनिटांत फिकट झाला तर बुरशी. नाही झाला तर माती किंवा लोखंड. सागवानातल्या टॅनिन या तुरट द्रव्याची साध्या लोखंडी स्क्रूशी गाठ पडली की निळसर काळा डाग पडतो, आणि तो स्क्रूपासून फळीच्या रेषेत लांब पसरतो. म्हणून डेकला स्टेनलेस स्टीलचेच स्क्रू लावावेत, आणि तारेच्या घासणीने डेक कधी घासू नये. तिचे बारीक तुकडे अडकतात आणि पहिल्या पावसात ठिपकेच ठिपके.

बुरशी आणि मळ काढायला सोडियम परकार्बोनेटची पावडर चांगली. कोमट पाण्यात विरघळवून ओतायची, दहा-पंधरा मिनिटं ओली ठेवायची, काथ्याच्या किंवा नायलॉनच्या ब्रशने रेषेच्या दिशेने घासायची आणि भरपूर पाण्याने धुवायची. कपड्यांचं ब्लीच सगळ्या डेकवर ओतू नका. बुरशी मरते, पण लाकडाचे धागेही मोकळे होतात. आणि ब्लीचमध्ये संडासचं ॲसिड किंवा अमोनियावालं क्लीनर चुकूनही मिसळू नका, विषारी वायू निघतो.

परकार्बोनेटनंतर लाकूड काळपट दिसतं. घाबरू नका. त्यावर ऑक्झॅलिक ॲसिड हा उपाय आहे. रविवार पेठेतल्या केमिकलच्या दुकानात पांढऱ्या स्फटिकांच्या रूपात मिळतं. लिटरभर कोमट पाण्यात ३० ते ५० ग्रॅम, ब्रशने लावायचं, पंधरा मिनिटं थांबायचं, धुवायचं. लोखंडाचे डाग डोळ्यांदेखत विरतात आणि लाकूड पुन्हा तांबूस होतं. पदार्थ विषारी आहे: हातमोजे, चष्मा, पोरं आणि मांजर घरात, कुंड्या प्लास्टिकखाली. गच्चीचं पाणी कुठल्या पाइपातून कुठे उतरतं तेही आधी पाहून ठेवा, नाहीतर खालच्या मजल्यावरच्या काकूंच्या वाळवणावर ते पडेल आणि सोसायटीच्या ग्रुपवर तुमच्या नावाने दोन दिवस चर्चा चालेल.

प्रेशर वॉशर भाड्याने आणायचा मोह होतो. आणलाच तर पंख्यासारखा फवारा, हातभर अंतर आणि कमी दाब. टोकदार धार जवळून मारली की मऊ लाकूड खरवडून निघतं आणि फळीवर नाल्या पडतात.

पूर्ण सुकल्यावर ६० ते ८० नंबरच्या पॉलिश पेपरने रेषेच्या दिशेने घासा. इथे फर्निचरवाल्यांना थांबवावं लागतं. त्यांचा हात सवयीने २२० नंबरवर जातो आणि फळी आरशासारखी गुळगुळीत करतो. मग छिद्रं मिटतात आणि स्टेन वरच राहतो. किंचित खरखरीत लागलं पाहिजे.

आता पाण्याचा थेंब. डेकच्या चार ठिकाणी, एक उन्हातली, एक सावलीतली, एक वर्दळीची आणि एक कोपऱ्यातली, चमचाभर पाणी टाका आणि वाकून बघत राहा. कोपऱ्यातला थेंब गोल मण्यासारखा उभा राहील. उन्हातला कडेने पसरायला लागेल, खालचं लाकूड गडद होईल आणि मिनिटभरात थेंब दिसेनासा होईल. जिथे तो शिरला तिथे स्टेन शिरेल. जिथे उभा राहिला तिथे जुनं ऑइल, मेण किंवा रंध्याचा गुळगुळीतपणा शिल्लक आहे, अजून घासा. हातात ओलावा मापक असेल तर १५ टक्क्यांच्या खाली आकडा हवा.

लावताना

किती आणायचा? कोरड्या, जरा खरखरीत लाकडावर पहिल्या हाताला लिटरमागे ५० ते ७० चौरस फूट धरून चाला, आणि डब्यावर दिलेला आकडा वाचा. १० बाय १५ ची गच्ची म्हणजे १५० चौरस फूट, म्हणजे अडीच लिटरच्या आसपास. फळ्यांच्या कडा आणि टोकं धरून थोडा जास्त घ्या. दोन डबे असतील तर आधी दोन्ही एका बादलीत एकत्र करा, नाहीतर डबा बदलला तिथे रंग बदललेला दिसतो. रंगकण तळाला बसतात, म्हणून काडीने तळापासून ढवळा, आणि काम चालू असतानाही मधूनमधून ढवळत राहा.

सुरुवात फळीच्या टोकांपासून. लाकूड म्हणजे नळ्यांची जुडी. बाजूने पाणी हळू शिरतं, पण कापलेल्या टोकाला सगळ्या नळ्यांची तोंडं उघडी असतात आणि तिथून ते कैक पटींनी वेगाने ओढलं जातं. फळ्या सगळ्यात आधी कुजतात त्या टोकालाच. म्हणून टोकाला स्टेन पाजत राहा, घ्यायचा थांबेपर्यंत. नवीन डेक बसवत असाल तर मिस्त्रींना सांगून फळ्या बसवण्याआधीच टोकं, खालची बाजू आणि कडा एकदा करून घ्या. नंतर तिथे ब्रश जात नाही. दोन फळ्यांत चार-पाच मिलिमीटर फट ठेवायलाही तेव्हाच सांगा.

मग एका वेळी दोन-तीन फळ्या, या टोकापासून त्या टोकापर्यंत, मध्ये न थांबता. अर्ध्यात फोन आला तर वाजू द्या; अर्धी सुकलेली आणि अर्धी ओली फळी जोडली की तो जोड कायम दिसतो. रोलरने पसरवलं तर लगेच ब्रशने दाबून मुरवा. पंधरा ते तीस मिनिटांनी फळीकडे तिरक्या उजेडात बघा. जिथे ओली चमक आहे तिथला स्टेन मुरलेला नाही. तो सुती फडक्याने पुसून टाका. "पैसे दिलेत, राहू दे वर" असं मनात येतं, पण वर राहिलेला स्टेन चिकट होतो, धूळ धरतो आणि अखेर पापुद्राच बनतो. दुसरा हात लाकूड पीत असेल तरच.

फडक्यांकडे दुर्लक्ष करू नका. जवसासारखी तेलं हवेतला ऑक्सिजन घेऊन सुकतात आणि त्यात उष्णता निघते. फळीवर ती उडून जाते. चुरगळून कोपऱ्यात टाकलेल्या चिंध्यांच्या गोळ्यात ती साठत जाते आणि काही तासांनी गोळा आपोआप पेट घेऊ शकतो. काम संपलं की चिंध्या पाण्याच्या बादलीत बुडवा, किंवा उघड्यावर एकेक पसरून कडक होईपर्यंत वाळवा. कामगारांना हे मुद्दाम सांगा, कारण कचऱ्याच्या पिशवीत कोंबून ड्राय बाल्कनीत ठेवायची पद्धत सगळीकडे आहे.

एक-दोन दिवस चालू नका, फर्निचर आठवड्याने मांडा.

पुढे

रोजच्या निगेत मोठं काही नाही. फटींतला पाचोळा आणि कबुतरांची पिसं पावसाळ्याआधी पट्टीने काढा, नाहीतर तिथे ओल धरून राहते. कुंड्या थेट फळीवर ठेवू नका. तुळशीची कुंडी वर्षानुवर्षं एकाच जागी असते, आणि उचलल्यावर खाली जे काळं वर्तुळ निघतं तिथे सुरीचं टोक सहज आत जातं. पायांचं स्टँड करा, बोटभर हवा खेळू द्या. पुसायला साधं पाणी, फार तर सौम्य साबण. फरशीचं फिनाइल आणि ॲसिड डेकवर नको. धुण्याभांड्याला येणाऱ्या मावशींना बाटली वेगळी करून दाखवा.

दर दसऱ्याला तोच पाण्याचा थेंब टाकून बघा. मणी उभे राहिले तर या वर्षी सुट्टी. शिरले तर धुऊन, हलकं घासून एक पातळ हात. सगळा डेक एकदम झिजत नाही. दाराजवळचा आणि दक्षिण-पश्चिमेचा उन्हाचा पट्टा आधी फिका पडतो, तेवढाच केला तरी चालतो. जुना स्टेन कुठला होता ते डब्याचा फोटो काढून ठेवा; तेलाधारित स्टेन ताजा असताना त्यावर पाण्याधारित बसत नाही.

डेकवर आधीच पीयू मारलेलं असेल तर त्यावर स्टेन लावून उपयोग नाही, तो मुरणार कुठे? थर पूर्ण काढावा लागतो, पेंट रिमूव्हरने किंवा मशीनने घासून, आणि फटींच्या कडांतून तो काढणं हे कटकटीचं काम आहे. काही वेळा फळ्या उलटवून कोरी बाजू वर घेणं स्वस्त पडतं. सुताराला आधी दोन फळ्या उचलून खालची बाजू दाखवायला सांगा.

आणि वर्षाआड एवढा खटाटोप करायचाच नसेल, तर चांगल्या गाभ्याचं सागवान घेऊन त्याला काहीही न लावता करडं होऊ देणं हाही सरळ मार्ग आहे. रंग जातो, बारीक चिरा पडतात, पावसाळ्यात शेवाळ घासून काढावं लागतं, नाहीतर घसरायला होतं. पण पापुद्रे निघत नाहीत. अशा डेकलाही टोकांना तेवढं वर्षातून एकदा तेल पाजा, आणि खालून पाणी वाहून जाण्याचा उतार व जाळी मोकळी आहे ना ते जूनच्या आधी बघून घ्या.